हळकुंड, गोधडी आणि गंधफीत

मागच्या अंकातल्या विज्ञानकथेत ‘गंधफीत’ नावाचं यंत्र होतं. प्रसंग घडत असताना त्यानं भोवतालचा वास टिपून घ्यायचा आणि वीस वर्षांनी कळ दाबली की वासासकट तो आख्खा प्रसंग परत उभा करायचा. सातारा-सांगलीकडून त्यावर आलेल्या पत्रांत कथेविषयी फारसं काही नव्हतंच. ‘असलं काही आत्ता, घरच्या घरी जमेल का?’ एवढंच बहुतेकांनी विचारलं आहे. सुगंधद्रव्यांच्या आणि रसायनाच्या कामातल्या जाणकारांनी दिलेली उत्तरं पुढे छापली आहेत. पत्रलेखकांची नावं न देता फक्त गावं दिली आहेत.

प्रश्न : फोटो टिपता येतो, आवाज टिपता येतो. मग वासाचं घोडं कुठे अडतं? गंधफीत खरंच होऊ शकेल का? (वाई)

अडतं ते नाकाच्या रचनेत. रंग ओळखणाऱ्या पेशी डोळ्यात तीनच जातींच्या असतात, म्हणून लाल, हिरव्या, निळ्या ठिपक्यांवर टीव्हीचं भागतं. वास धरणारे ग्राही माणसाच्या नाकात सुमारे ४०० प्रकारचे आहेत. या ग्राहींची जनुकं लिंडा बक आणि रिचर्ड ॲक्सेल यांनी १९९१ मध्ये शोधून काढली आणि २००४ मध्ये त्यांना नोबेल मिळालं. वासाचा एकेक रेणू यातल्या अनेक ग्राहींना कमीजास्त जोरानं दाबतो; बाजाच्या पेटीवर एकदम सात-आठ पट्ट्या दाबाव्यात तसं. त्यामुळे चार ‘मूळ वास’ घेऊन बाकीचे त्यातून मिसळून काढू, हे जमत नाही.

टिपण्याचं अर्धं काम मात्र प्रयोगशाळेत रोज होतं. फूल झाडावरच ठेवून त्यावर काचेचा घुमट बसवतात, आतली हवा छोट्या पंपानं ओढून वास शोषणाऱ्या भुकटीच्या नळीतून सोडतात आणि नंतर ती नळी तापवून काय काय निघालं ते यंत्रावर वेगळं करून वाचतात. या पद्धतीला हेडस्पेस म्हणतात. स्वित्झर्लंडचे रोमन कायझर यांनी १९७० च्या दशकापासून तिच्यावर मोठं काम केलं. पण हाती येते ती यादी : अमुक रेणू इतके टक्के, तमुक इतके. यादीवरून वास पुन्हा बांधायला माणूसच लागतो, आणि तोही मुरलेला. वर एक गोची आहे. यंत्राला ज्याचा नुसता मागमूस लागतो, असा एखादा रेणू नाकाला सगळ्यात मोठ्यानं ऐकू येत असतो.

वास परत सोडण्याचे प्रयत्न जुने आहेत. १९६० मध्ये अमेरिकेत स्मेल-ओ-व्हिजन म्हणून थिएटरात खुर्च्यांपर्यंत नळ्यांनी वास पोचवले. तो प्रकार टिकला नाही. वास उशिरा पोचायचा आणि एकदा आला की जायचं नाव घ्यायचा नाही. हीच अडचण आजच्या यंत्रांनाही आहे. आवाज बंद करता येतो, दिवा मालवता येतो. पण वास हवेत, पडद्यात, केसांत बसून राहतो आणि पुढचा वास त्याच्यावर येऊन चिकटतो.

आता आठवणीचं. कथेत आठवण फितीत साठवलेली दाखवली आहे, तिथे आमचं जमत नाही. डोळ्या-कानांकडून आलेली खबर मेंदूत आधी थॅलॅमस नावाच्या नाक्यावर थांबते. वासाची खबर तो नाका टाळून थेट भावना आणि स्मृती सांभाळणाऱ्या भागांत शिरते. म्हणून आधी पोटात कालवतं आणि वास कशाचा ते मागून आठवतं. बाटलीत राहतो तो फक्त वास. तीच बाटली शेजाऱ्याच्या हातात दिली तर त्याला त्यात आमटी दिसेल, तुमची आजी दिसणार नाही. तेव्हा घरी करण्यासारखं काम म्हणजे वास शक्य तितका न बिघडवता ठेवणं आणि तो कमीत कमी वेळा उघडणं. पुढची सगळी उत्तरं याच दोन गोष्टींभोवती आहेत.

प्रश्न : आई जाऊन दोन वर्षं झाली. तिचं नेसूचं पातळ आणि अंगावरची गोधडी ट्रंकेत आहे. सुरुवातीला ट्रंक उघडली की आईचा वास यायचा, आता डांबरगोळ्यांचाच येतो. काही करता येईल का? (तासगाव)

येईल, पण आधी ट्रंक सारखी उघडणं बंद करा. प्रत्येक वेळी झाकण वर झालं की आत साठलेला वास खोलीत जातो आणि कोरी हवा आत येते. मग कापडातला आणखी थोडा वास त्या हवेत उतरतो. वास संपतो तो असा, चमच्या-चमच्यानं.

डांबरगोळ्या आजच काढा. घरात नेफ्थॅलीनच्या असतील तर त्या हवेत उडतात आणि पुन्हा कापडात बसतात. कापड सावलीत, वाऱ्याला पसरा, उन्हात नाही. चार-पाच तासांनी घडीच्या आतल्या बाजूला नाक लावून बघा. डांबराचा वास आधी हलका होतो, कारण नेफ्थॅलीन पटकन उडतं. घाम, डोक्याचं तेल, त्वचेवरचा स्निग्धपणा यांचे जड वास धाग्याला धरून बसतात आणि सावकाश सुटतात. हे दोन-तीन वेळा करून थांबा. या खटाटोपात आईच्या वासातला हलका भाग थोडा जाईल, त्याला इलाज नाही. डांबर पूर्ण जाईपर्यंत वाट बघाल तर दोन्ही जातील.

मग साठवण. सगळं पातळ एकत्र ठेवू नका. पदर मानेशी आणि खांद्याशी घासला जातो, म्हणून वास तिथे जास्त असतो. गोधडीचा डोक्याकडचा काठ तसाच. हे भाग कापायला जीव होत नसेल तर उशीचा अभ्रा किंवा पोलकं घ्या. त्याचे साधारण १० सेंटिमीटरचे चौकोन करा आणि प्रत्येक चौकोन वेगळ्या काचेच्या बाटलीत घाला. चार बाटल्या झाल्या तर एक उघडायची आणि तीन बंदच ठेवायच्या. वापरातली बाटली दोन-तीन वर्षांत ओसरेल, मग पुढची. कापड धुवायचं नाही, इस्त्री करायची नाही, सेंट मारायचा नाही.

पॉलिथिनच्या पिशवीवर बऱ्याच घरांचा विश्वास असतो. पातळ पॉलिथिनमधून वास हळूहळू बाहेर झिरपतो आणि स्वयंपाकघराचा आत जातो. शिवाय पिशवीला तिचा स्वतःचा वास असतोच. पिशवीच हवी असेल तर वेफर्सच्या पाकिटासारखी आतून चंदेरी, उष्णतेनं बंद होणारी घ्या. कोळशाच्या पुड्या चुकूनही घालू नका. वास खाणं हेच कोळशाचं काम. बुरशीची भीती असेल तर बाटलीत भरण्यापूर्वी कापड कोरड्या हवेच्या दिवशी दोन तास सावलीत ठेवा. आमच्या मते तेवढं पुरतं. सिलिका जेलही थोडा वास धरतं.

फ्रिजच्या बर्फाच्या कप्प्यात ठेवलंत तर वास उडण्याचा वेग बराच कमी होतो. फक्त बाहेर काढल्यावर झाकण लगेच उघडायचं नाही. तीन तास तशीच राहू द्या. गार कापडावर दव बसलं की कापड ओलं होतं आणि कुबट वास येतो.

प्रश्न : बाटली कुठली घ्यावी? लोणच्याच्या बरण्या भरपूर आहेत. (कोरेगाव)

बरणी चालेल, झाकण नाही. झाकणाच्या आतल्या रबरी कडीत लोणचं कायमचं राहायला आलेलं असतं. औषधाच्या दुकानातली तपकिरी काचेची, स्क्रूच्या झाकणाची बाटली उत्तम. ३० मिलि आणि कापडासाठी रुंद तोंडाची १०० मिलि. ड्रॉपरची घेऊ नका, त्याचं रबर वास पितं. भांड्याच्या साबणाला लिंबाचा वास असतो, म्हणून धुण्याच्या सोड्याच्या गरम पाण्यानं धुवा, चार वेळा साध्या पाण्यानं खळबळा आणि कडक उन्हात उपडी वाळवा. मग रिकामी बाटली झाकण लावून एक रात्र ठेवा. सकाळी उघडून हुंगा. काहीही वास आला तर पुन्हा धुवा. हा एक दिवसाचा धीर बहुतेकांना नसतो, आणि वर्षभरानंतर जी तक्रार येते ती नेमकी याच्यामुळे येते.

प्रश्न : आमचं गुऱ्हाळ यंदा बंद करतोय. साठ वर्षांचं होतं. शेवटच्या हंगामातला वास मुलांसाठी ठेवायचा आहे. गुळाची ढेप ठेवली तर पुरेल का? (कराड)

ढेपेला गुळाचा वास असतो, गुऱ्हाळाचा नाही. तुम्हाला हे सांगायला नको, की काहिलीवरचा वास आदणाच्या सुरुवातीपासून शेवटपर्यंत बदलत जातो. रस तापायला लागला की आधी हिरवा, कच्च्या गवतासारखा वास. भेंडीचं पाणी घालून मळी वर आली की किंचित उग्र. पाणी आटून काकवीपर्यंत आलं की गोड, भाजका. आणि या सगळ्याच्या मागे चुलवाणात जळणाऱ्या चिपाडाचा धूर. हे एका बाटलीत कोंबलंत तर नुसता गोडसर कुबट वास उरेल. म्हणून तीन बाटल्या करा.

पहिली मळीची. ताजी मळी दोन चमचे स्वच्छ पांढऱ्या सुती कापडावर पातळ पसरा आणि चुलवाणाच्या उबेला पार खडखडीत वाळवा. ओली भरलीत तर दुसऱ्या दिवशी आंबेल. साखर, पाणी आणि ऊब मिळाली की यीस्ट वाटच बघत असतं.

दुसरी काकवीची. गूळ होण्याच्या आधी काढलेली १०० मिलि काकवी गरम असतानाच बाटलीत काठोकाठ भरा. बाटली आधी कोमट करून घ्या, नाहीतर तडकेल. पातळ काकवी फसफसते, म्हणून घट्टच काढा. ही थंड असताना फारसा वास देत नाही. वास हवा असेल तेव्हा एक चमचा काकवी आणि दोन चमचे पाणी स्टीलच्या वाटीत मंद आंचेवर ठेवा. बुडबुडे बारीक होते ते मोठे, जड आणि सावकाश फुटायला लागले की तोच क्षण. तिथे गॅस बंद. अर्धा मिनिट जास्त झालं तर साखर करपून कडू वास येतो आणि तो आधीचं सगळं झाकून टाकतो. गूळ उतरवतानाचं तापमान ११८ अंशांच्या आसपास असतं. करपण त्याच्या फार पुढे नसते, हे गुळव्याला पाठ असतं.

तिसरी धुराची. सुती कापडाचे दोन तुकडे बिनसाबणाच्या उकळत्या पाण्यातून दोनदा काढून वाळवा. एकाला तुपाचं अगदी पुसट बोट लावा, दुसरा कोरा. धुराड्याच्या बाजूला, ठिणगी पोचणार नाही अशा अंतरावर दहा मिनिटं धरा. चिपाडाच्या धुरातले ग्वायाकॉलसारखे रेणू स्निग्धात चांगले धरतात, म्हणून तुपाचा तुकडा वर्षभर वास देईल. पण तूप खवट होतं. कोरा तुकडा फिका राहील पण बिघडणार नाही. दोन्ही ठेवा.

मुलांना दाखवताना क्रम पाळा : मळी, मग वाटीतली काकवी, मग धूर. काकवी तापत असताना धुराची बाटली दोन हातांवरून उघडायची. एकदम नाकाशी नेली तर ते गुऱ्हाळ वाटत नाही, आग लागल्यासारखं वाटतं.

प्रश्न : हळद भरडल्यावर येणारा वास पुढे वर्षभर का राहत नाही? आणि हरिपूरच्या पेवाचा, म्हणजे हळद साठवायच्या जमिनीतल्या खड्ड्याचा, तो जुना वास साठवता येईल का? (सांगली)

पूड केली की हवेला लागणारा पृष्ठभाग कित्येक पटींनी वाढतो आणि टर्मेरोन वगैरे उडनशील तेलं निघून जातात. पिवळेपणा तसाच राहतो, कारण रंग देणाऱ्या कुर्क्युमिनला वासच नाही. रंगावरून हळदीचा वास ओळखायला जाऊ नका. वास ठेवायचा तर हळकुंडंच ठेवा. पॉलिश न केलेली घ्या, बाटलीत भरा आणि हवं तेव्हा एक खलबत्त्यात फोडा. शिजवतानाचा वास वेगळा आणि त्याला हळकुंडाचा उपयोग नाही. तो ओल्या हळदीचाच आहे, तेव्हा हंगामात चार कंद आणून झाकणाच्या पातेल्यात पाऊण तास उकळा. पांढरी वाफ आणि फेस आला की झाकण काढा. पातेलं पिवळं होईल, ते या कामालाच ठेवा.

पेवाच्या बाबतीत एक गोष्ट ठासून सांगतो. बंद पेवात प्राणवायू कमी आणि कार्बन डायऑक्साइड जास्त झालेला असू शकतो. त्याला वास नसतो. जुने हमाल तोंड उघडून हवा खेळू दिल्याशिवाय उतरत नसत, ते उगीच नाही. वास घेण्यासाठी वाकू नका, उतरू तर मुळीच नका. पेवाच्या तोंडाजवळची मूठभर कोरडी माती मालकाला विचारून घ्या. हळदीचा वास धरलेली ती माती, तिच्याबरोबर दोन हळकुंडं आणि गोणपाटाचा एक तुकडा एका बरणीत महिनाभर ठेवा. पुष्कळ जवळ जाल.

प्रश्न : माणदेशात पाऊस एकदा पडला की पडला. तो पहिल्या पावसाचा वास ठेवता येतो का? बाजारातलं ‘मिट्टी अत्तर’ घ्यावं का? (दहिवडी)

खरं मिट्टी अत्तर हे उत्तर प्रदेशातल्या कनोजचं काम. तिथे मातीच्या चकत्या तांब्याच्या डेगेत पाण्याबरोबर तापवतात, वाफ बांबूच्या नळीतून भपका नावाच्या भांड्यात नेतात आणि भपक्यात असतं चंदनाचं तेल. मातीचा वास त्या तेलात उतरतो. चंदनाचे भाव बघता स्वस्त बाटलीत हे असणं शक्य नाही. स्वस्तातलं बहुधा जिऑस्मिनचा थेंब घातलेलं बिनवासाचं तेल असतं. वाईट नसतं, पण ते एकसुरी लागतं.

जिऑस्मिन म्हणजे मातीतले स्ट्रेप्टोमायसिस जातीचे जिवाणू तयार करतात तो रेणू. माणसाचं नाक त्याच्या बाबतीत विलक्षण तिखट आहे. हवेत अब्जात काही कणांहूनही कमी असला तरी कळतो. त्याच्या जोडीला उन्हाळाभर दगडामातीवर बसलेली वनस्पतींची तेलं असतात. या वासाला ‘पेट्रिकोर’ हे नाव १९६४ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या इसाबेल बेअर आणि रिचर्ड थॉमस यांनी दिलं. थेंब आदळला की मातीच्या छिद्रांतली हवा बुडबुड्यांनी वर येऊन फुटते आणि वास घेऊन उडते. म्हणून रिमझिम पावसाला वास जास्त आणि मुसळधारेला कमी.

माणवाल्यांना यात सोय आहे. वास कोरड्या मातीत तयारच असतो, फक्त पाणी द्यायचं राहिलेलं असतं. एप्रिल-मेमध्ये बांधावरची, खत आणि औषध न लागलेली माती वरच्या दोन-तीन सेंटिमीटरमधूनच खरवडून घ्या. खोल गेलात तर वनस्पतींच्या तेलांचा भाग हुकतो. कागदावर पसरून तीन दिवस ऊन द्या, काड्या-मुळं वेचा, चाळू नका. बारीक धूळ झाली की पाणी पडल्यावर चिखल होतो आणि बुडबुडे होत नाहीत. हरभऱ्याएवढी ढेकळं राहू द्या. बरणी पाऊण भरा.

वापरताना जुनं कौल अर्धा तास उन्हात तापवा, त्यावर दोन मूठ माती पसरा आणि झाडांवर पाणी मारायच्या फवाऱ्यानं फूटभर वरून पाच-सहा फवारे द्या. नळाच्या पाण्याला क्लोरिनचा वास असेल तर ते रात्रभर उघडं ठेवलेलं घ्या. तीस-चाळीस सेकंदांत वास वर येतो, दोन मिनिटांत ओसरतो. भिजलेली माती बरणीत परत टाकू नका. बंद बरणीत ओल राहिली की हवेशिवाय जगणारे जिवाणू वाढतात आणि पुढच्या खेपेला गटाराचा वास मिळतो. ही चूक सगळेच एकदा करतात.

प्रश्न : मोगऱ्याचा गजरा ठेवण्याचा उपाय? (मिरज)

मोगरा खुडल्यावरही रात्रभर वास तयार करत राहतो, म्हणून त्याला उकळायचं नाही, नुसतं कशाच्या तरी सहवासात ठेवायचं. फुलेल तेलवाल्यांची जुनी रीत तिळाची आहे. पाव किलो धुऊन खडखडीत वाळवलेले पांढरे तीळ, शंभर ग्रॅम संध्याकाळच्या टपोऱ्या कळ्या. स्टीलच्या डब्यात तीळ, कळ्या, तीळ असे थर द्या आणि झाकणाऐवजी तोंडावर पातळ फडकं बांधा. घट्ट झाकण लावलं तर फुलांची ओल आत राहून तीळ बुरसतात. बारा तासांनी चाळून फुलं काढा. तपकिरी झालेली एकही पाकळी राहू देऊ नका, तिचा वास शिळ्या पाण्यासारखा असतो. तीळ तासभर पंख्याखाली पसरा आणि संध्याकाळी नव्या कळ्या. असं सात-आठ रात्री. पुढे चमचाभर तीळ खलात चेचले की वास येतो. सहा महिन्यांत वापरा, मग तीळ खवट होतात.

काही जणी स्पिरिटमध्ये फुलं घालतात. दुकानातल्या सॅनिटायझरमध्ये ग्लिसरीन आणि त्याचा स्वतःचा वास असतो, आणि रंगकामाच्या स्पिरिटमध्ये मिथेनॉल असू शकतं. ते विष आहे. तिळावर भागतंय तर त्या वाटेला जाऊच नये.

प्रश्न : महाबळेश्वरच्या स्ट्रॉबेरीचा? (सातारा)

नाही राहत. जॅममध्ये राहतो तो जॅमचा वास. हंगामात खा.

प्रश्न : वडील ७८ वर्षांचे आहेत, हल्ली विसरतात. लहानपण सतारमेकर गल्लीत गेलं. वासानं त्यांना जुनं आठवेल का? (मिरज)

प्रयत्न करण्यासारखा आहे, औषध म्हणून नाही. शब्द ऐकून म्हाताऱ्या माणसांना ज्या आठवणी येतात त्या बहुधा दहा ते वीस वयातल्या असतात. वासानं येणाऱ्या बऱ्याचशा दहा वर्षांच्या आतल्या. म्हणून त्यांच्या नोकरीच्या काळातले वास शोधू नका, चड्डीतल्या वयातले शोधा. गल्लीतूनच मागून आणता येतील : तुणीच्या लाकडाचा ताजा भुसा, वाळलेल्या भोपळ्याच्या आतल्या बाजूचा खरवडलेला तुकडा, आणि चपडी लाखेचा पॉलिशचा हात दिलेली लाकडाची ढलपी. पॉलिश आठवडाभर वाळू द्या. ओल्याला नुसता स्पिरिटचा वास येतो.

दिवसातून एकच वास, सकाळी जेवणाआधी. बाटली तळहातात दोन मिनिटं धरून कोमट करा, नाकापासून चार बोटं लांब धरा, तीन श्वास आणि बाजूला. ‘ओळखा पाहू’ म्हणू नका. ओळखता आलं नाही की ते खजील होतात आणि पुढच्या वेळी बाटलीच नको म्हणतात. गप्प बसा. काही बोलले तर ऐका, तारखा-नावं दुरुस्त करू नका. काहीच बोलले नाहीत, पण बाटली परत मागितली, तरी काम झालं. आणि वासच येत नाही असं दिसलं तर डॉक्टरांच्या कानावर घाला. अल्झायमर आणि पार्किन्सनमध्ये घ्राणशक्ती लवकर कमी होऊ शकते.

प्रश्न : करोनानंतर मला कंदी पेढाही जळक्या रबरासारखा लागतो. माझ्या बाटल्यांचा काय उपयोग? (सातारा)

सध्या उघडूच नका. बिघडलेल्या नाकानं हुंगलंत तर आईच्या पदराची गाठ जळक्या रबराशी बसेल. आधी कान-नाक-घसा तज्ज्ञांना दाखवा. त्यांच्याकडे बहुधा नाकाचा व्यायाम सांगतात, तो असा : गुलाब, निलगिरी, लिंबू, लवंग असे चार वास, रोज सकाळ-संध्याकाळ, प्रत्येकी पंधरा-वीस सेकंद हलके श्वास, मध्ये अर्धा मिनिट विश्रांती, आणि हे किमान बारा आठवडे. हुंगताना तो वास मनात आणायचा. लिंबाची साल रोज ताजी घ्या. लवंग दर आठवड्याला बदला. पंधरा दिवसांत फरक नाही म्हणून सोडणारेच जास्त.

प्रश्न : मागचं राहू दे. पुढच्या महिन्यात मुलीचं लग्न आहे. त्या दिवसाची गंधफीत करायची तर? (विटा)

हे सगळ्यात सोपं, कारण इथे वास तुम्ही निवडणार. अट एकच : तो घरात कधी वापरलेला नसावा. चंदन, मोगरा, कापूर यांच्यावर आधीच शंभर दिवस चढलेले असतात आणि मेंदू पहिली गाठ घट्ट धरतो. दवणा, नागरमोथा किंवा केवडा यांपैकी तुमच्याकडे नवं असेल ते अत्तर तीन मिलि घ्या. लग्नाआधी कोणी हुंगायचं नाही. त्या दिवशी एक थेंब सुती बोळ्यावर, बोळा पदराच्या टोकाला किंवा रुमालाच्या गाठीत. दिवसभर अंगावर लावून फिरू नका. दहा-पंधरा मिनिटांत नाक त्याला सरावतं आणि मग काहीच नोंदत नाही. गौरीहर, मंगलाष्टकं, पाठवणी अशा तीन-चार वेळीच गाठ नाकाशी न्या. संध्याकाळी उरलेलं अत्तर बंद करून बाटलीवर तारीख घाला. पुढे वर्षातून एकदा. दर रविवारी उघडलीत तर वर्षभरात ती लग्नाची न राहता रविवारची होते. आणि कॉफीच्या बिया हुंगून नाक कोरं करायची दुकानातली रीत करू नका. दोन मिनिटं अंगणात उभं राहिलं तरी तेवढंच होतं.

प्रश्न : आमचं उलट आहे. २०१९ च्या पुरात घरात पाणी होतं. पाऊस लागला की भिंतीतून तोच गाळाचा वास येतो आणि धाकट्याला रात्री झोप येत नाही. वास घालवायचा कसा? (सांगलीवाडी)

आधी भिंत बघा, मग मूल. गाळातला जिऑस्मिन, कुजलेला कचरा आणि सांडपाणी गिलाव्याच्या छिद्रांत शिरून बसलेलं असतं. पावसाळ्यात हवा दमट झाली की ते ओलावतं आणि वास सुटतो. वरून रंग मारून काही होत नाही, डिस्टेंपर उलट ओल कोंडतो. पाण्याची खूण जिथपर्यंत होती त्याच्या फूटभर वरपर्यंतचा गिलावा उन्हाळ्यात फोडून काढा, विटा निदान तीन-चार आठवडे उघड्या वाळू द्या, मग नवा गिलावा आणि त्यावर चुना. भिंतीला टेकलेल्या कपाटाची मागची फळी, दाराच्या चौकटीचा तळ, फरशीखालची भर हे राहून जातं आणि वास परत येतो. फरशी ठोकून पोकळ आवाज येतो तिथली एक उचलून बघा. उदबत्ती आणि फवारे यांनी फक्त दुसरा वास वर बसतो. मुलाला पुढे उदबत्तीचीही भीती वाटायला लागेल.

मुलाला त्या वासाची मुद्दाम सवय लावण्याचा प्रयोग घरी करू नका. भीतीवरचे तसे उपचार असतात, पण ते मुलांच्या मानसोपचारतज्ज्ञांनी, मापानं करायचे असतात. तुम्ही एवढं करा : पावसाळा लागेपर्यंत भिंतीचं काम झालं नाही तर त्याचं अंथरूण त्या भिंतीपासून सगळ्यात लांबच्या, शक्य असेल तर वरच्या खोलीत हलवा, आणि पूर्वी खालच्या खोलीत वापरलेली गादी तिथे नेऊ नका. कापसाच्या गादीत वास भिंतीपेक्षा जास्त धरतो. ती पुरात भिजली असेल तर कितीही उन्हं दिली तरी उपयोग नाही, कापूस नवा भरावा लागेल.